'शंभर वर्षांचे युद्ध' की 'शतवर्षीय युद्ध'?

एका वाचकाने विचारले आहे: "मध्ययुगीन युरोपवरच्या एका लेखाचे भाषांतर करतो आहे. इंग्रज आणि फ्रेंच यांच्यात १३३७ ते १४५३ या काळात जे युद्ध झाले, त्याला मराठीत काय म्हणावे? 'शतवर्षीय युद्ध', 'शतवार्षिक युद्ध' आणि 'शंभर वर्षांचे युद्ध' अशी तिन्ही नावे वाचनात आली. शिवाय हे युद्ध ११६ वर्षे चालले, मग 'शंभर' म्हणणे चूक नाही का?"

माझे मत आधीच सांगतो. 'शंभर वर्षांचे युद्ध' लिहावे आणि त्यातल्या शंभराला हात लावू नये.

शंभराचा प्रश्न आधी घेऊ. हे नाव त्या काळातले नाहीच. १३४६ मध्ये क्रेसीला लढणाऱ्या तिरंदाजाला किंवा १४२८-२९ च्या हिवाळ्यात ऑर्लेआँच्या वेढ्यात सापडलेल्या माणसाला आपण कुठल्या 'शंभर वर्षांच्या' प्रकरणात आहोत हे कळण्याचा मार्गच नव्हता. एकोणिसाव्या शतकात फ्रेंच इतिहासलेखकांनी या सगळ्या लढायांची एकत्र मोट बांधली, तिला हे नाव दिले आणि तेच पुढे इंग्रजीत गेले. म्हणजे 'शंभर' हा आकडा मोजून लावलेला नाही, ठोक म्हणून लावलेला आहे. मराठीत आपणही शंभराचा असाच वापर करतो. "शंभरदा सांगितलं तुला" म्हणणाऱ्या आईने मोजलेले नसते. '११६ वर्षांचे युद्ध' असे कोणी लिहिले तर ते अचूक होत नाही, फक्त अनोळखी होते. वाचक ते नाव शोधायला गेला तर त्याला काहीच सापडणार नाही.

आणि खरे तर ११६ वर्षे सलग लढाई झालेलीही नाही. १३६० मध्ये ब्रेतिन्यीचा तह झाला आणि १३६९ पर्यंत दोन्ही राजांमध्ये उघड युद्ध नव्हते. १३८९ मध्ये पुन्हा शस्त्रे खाली ठेवली गेली, ती थेट १४१५ मध्ये इंग्लंडचा राजा पाचवा हेन्री नॉर्मंडीत उतरेपर्यंत बहुतांशी खालीच होती. म्हणून इतिहासकार या युद्धाचे तीन टप्पे करतात: १३३७ ते १३६०, १३६९ ते १३८९ आणि १४१५ ते १४५३. शेवटही असाच सैल आहे. १७ जुलै १४५३ रोजी कास्तियाँच्या लढाईत फ्रेंच तोफांनी इंग्रज सैन्याची दाणादाण उडवली, ऑक्टोबरात बोर्दो शहर शरण आले, पण तह काही झाला नाही. कॅले बंदर तर १५५८ पर्यंत इंग्रजांकडेच होते आणि 'फ्रान्सचा राजा' ही पदवी इंग्लंडच्या राजांनी १८०१ पर्यंत सोडली नाही.

यातूनच एक व्याकरणाचा मुद्दा निघतो आणि मला तो फार महत्त्वाचा वाटतो. 'शंभर वर्षांचे युद्ध' हे नाव आहे. 'शंभर वर्षे चाललेले युद्ध' हे विधान आहे. 'चाललेले' आले की वाक्य वस्तुस्थितीचा दावा करू लागते आणि तो दावा वर दिलेल्या कारणांमुळे दोन्ही अंगांनी खोटा ठरतो. 'चे' हा प्रत्यय असा कोणताही दावा करत नाही, तो नुसता संबंध सांगतो. फ्रेंच नावाची घडणही नेमकी अशीच आहे, 'गेर द साँताँ', शब्दशः शंभर वर्षांचे युद्ध. तेव्हा भाषांतरात ओघ आणण्यासाठी 'चाललेले' घालण्याचा मोह होईल, तो टाळावा.

'शतवर्षीय' मला मराठीत खटकते. हिंदीत ते चालते, कारण हिंदीत 'पंचवर्षीय योजना' आहे. मराठीत आपण पहिल्यापासून 'पंचवार्षिक योजना' म्हणत आलो. मराठीत '-वर्षीय' सर्वांत जास्त दिसते ते बातम्यांत, वयासाठी: 'सत्तर वर्षीय वृद्ध', 'पाच वर्षीय मुलगी'. अभ्यासक्रमांनाही ते लागते हे खरे, पण 'शतवर्षीय' कानावर पडले की आधी शंभरी गाठलेले कोणीतरी डोळ्यांपुढे येते.

'शतवार्षिक' मात्र शुद्ध आहे आणि मराठी वळणाचेही आहे. 'सप्तवार्षिक युद्ध' हे १७५६ ते १७६३ च्या युद्धाचे नाव त्याच साच्यातले. अडचण एवढीच की '-वार्षिक' दोन अर्थांनी येते. पंचवार्षिक योजना पाच वर्षे चालते, पंचवार्षिक निवडणूक दर पाच वर्षांनी येते. शंभराच्या बाबतीत तर शतकपूर्तीचे समारंभही डोक्यात येतात. म्हणून मी मुख्य नाव 'शंभर वर्षांचे युद्ध' ठेवतो आणि समास करायची वेळ आली की 'शतवार्षिक' वापरतो. 'शतवार्षिक युद्धकालीन चिलखते' हे 'शंभर वर्षांच्या युद्धाच्या काळातील चिलखते' यापेक्षा आटोपशीर आहे.

लिहिताना 'वर्षांचे' मधला अनुस्वार विसरू नये. 'शंभर वर्षाचे युद्ध' असे सर्रास छापलेले दिसते. अनेकवचनाच्या सामान्यरूपाला अनुस्वार हवाच, एका वर्षाचे पण दोन वर्षांचे. शिवाय देवनागरीत इंग्रजीसारखी मोठी (कॅपिटल) अक्षरे नाहीत, त्यामुळे वाक्यात हे शब्द नाव म्हणून आले आहेत की वर्णन म्हणून ते दिसत नाही. पहिल्या उल्लेखाला एकेरी अवतरणचिन्हे आणि लगेच १३३७-१४५३ हे सन दिले की काम होते, पुढे चिन्हांची गरज नाही.

आता न विचारलेले थोडे, कारण नाव ठरले तरी भाषांतराची खरी परीक्षा पुढेच आहे. या युद्धाबद्दल लिहायला लागणारे शब्द मराठीकडे आधीपासून आहेत आणि ते सोडून कृत्रिम शब्द घडवले जातात याचे मला वाईट वाटते.

युद्धाची सुरुवातच पाहा. इंग्लंडचा राजा हा गॅस्कनी या नैर्ऋत्य फ्रान्समधल्या मुलखासाठी फ्रान्सच्या राजाचा मांडलिक होता. तिसऱ्या एडवर्डने १३२९ मध्ये आमियाँच्या कॅथीड्रलमध्ये जाऊन तशी शपथ वाहिली होती. मे १३३७ मध्ये सहाव्या फिलिपने हा मुलूख काढून घेतला. याला बरेच जण 'जप्त केला' किंवा 'अधिग्रहण केले' लिहितात. जप्ती मालाची होते. वरिष्ठ सत्तेने मांडलिकाचा मुलूख आपल्याकडे घेणे याला मराठीत 'खालसा करणे' हा नेमका शब्द आहे आणि संस्थानांच्या इतिहासामुळे तो सर्वांना कळतो. फिलिपने गॅस्कनी खालसा केली, एवढ्यात सगळे आले.

'तह' आणि 'युद्धविराम' यांत गल्लत करू नये. ब्रेतिन्यी (१३६०) आणि त्र्वा (१४२०) हे तह. १३८९ चा ल्युलँगेमचा आणि १४४४ चा तूरचा करार हे युद्धविराम, म्हणजे भांडण मिटलेले नाही, फक्त ठरावीक मुदतीपर्यंत लढायचे नाही. दोन्हींना 'शांतता करार' म्हटले की युद्ध पुन्हा का सुरू झाले तेच वाचकाला कळत नाही.

इंग्रज सैन्य घोडदळ घेऊन शत्रूच्या मुलखात शिरे, गावे जाळत आणि लुटत पुढे जाई. फ्रेंचमध्ये याला 'शव्होशे' म्हणतात. १३५५ मध्ये एडवर्डचा मुलगा, ज्याला पुढे 'ब्लॅक प्रिन्स' म्हणू लागले, बोर्दोहून निघून असाच नार्बोनपर्यंत गेला आणि परत आला. मराठीत 'मुलूखगिरी' जवळचा आहे, पण मुलूखगिरीत खंडणी वसूल करण्याचा अर्थ मुख्य आणि शव्होशेत नासधूस मुख्य: शत्रूच्या रयतेला दाखवायचे की तुमचा राजा तुमचे रक्षण करू शकत नाही. मी 'जाळपोळीची मुलूखगिरी' असे लिहितो.

आणि 'खंडणी'. हा शब्द या युद्धाला जितका लागू पडतो तितका क्वचितच कुठे पडत असेल. गावे जाळू नयेत म्हणून आसपासच्या किल्ल्यांतल्या फौजांना नियमित पैसे द्यायचे, ती जुन्या मराठी अर्थाने खंडणीच. पकडलेला सरदार सोडण्यासाठी घ्यायचा पैसा, ती आजच्या वर्तमानपत्री अर्थाने खंडणी. यातली सर्वांत मोठी खंडणी स्वतः फ्रान्सच्या राजाची. १९ सप्टेंबर १३५६ रोजी प्वातियेच्या लढाईत राजा दुसरा जाँ इंग्रजांच्या हाती सापडला. ब्रेतिन्यीच्या तहात त्याच्या सुटकेची किंमत ठरली ३० लाख एक्यू, सोन्याची नाणी. राजा परतला आणि डिसेंबर १३६० मध्ये एक नवे सोन्याचे नाणे पाडण्याचा हुकूम निघाला. त्यावर चिलखत घातलेला, तलवार उगारलेला राजा दौडत्या घोड्यावर आहे. या नाण्याला 'फ्राँ' म्हणू लागले. युरो येईपर्यंत फ्रान्समध्ये चाललेल्या फ्रँकचे नाव इथून सुरू होते. खंडणी पुरी फिटली मात्र नाही. ओलीस ठेवलेला मुलगा पळून आला तेव्हा जाँ आपण होऊन लंडनला परत गेला आणि एप्रिल १३६४ मध्ये तिथेच वारला. इथे 'मुक्तिधन' असला शब्द घातला की सगळा प्रकार पुण्यकर्मासारखा वाटू लागतो. 'खंडणी'च लिहा.

या युद्धाला 'ब्रिटिश-फ्रेंच युद्ध' मात्र कधीही म्हणू नका. स्कॉटलंड तेव्हा स्वतंत्र राज्य होते आणि १२९५ पासून फ्रान्सचे दोस्त होते. १४२१ मध्ये बोझेच्या लढाईत पाचव्या हेन्रीचा भाऊ, क्लॅरेन्सचा ड्यूक, मारला गेला तो फ्रेंच आणि स्कॉट यांच्या एकत्र फौजेकडून. आपला 'इंग्रज' हा शब्द एरवी आपण ऐसपैस वापरतो, इथे तो अक्षरशः बरोबर आहे. पण 'इंग्रज' म्हणजे इंग्रजी बोलणारे असे मात्र धरू नका, निदान सुरुवातीला तरी. एडवर्डच्या दरबाराची भाषा फ्रेंचच होती. युद्ध चालू असतानाच १३६२ मध्ये इंग्लंडच्या पार्लमेंटने कायदा केला की न्यायालयात युक्तिवाद इंग्रजीत व्हावा, कारण लोकांना फ्रेंच कळत नाही. तो कायदा लिहिला गेला फ्रेंचमध्ये.

शेवटी विशेषनामांचे. गावांची नावे फ्रेंच उच्चाराने लिहावीत हे माझे मत, पण जिथे इंग्रजी रूप मराठीत मुरले आहे तिथे ते राहू द्यावे. १४१५ ची लढाई 'अ‍ॅजिनकोर्ट'ची म्हणून माहीत आहे, तर एकदा 'अझँकूर' सांगून पुढे अ‍ॅजिनकोर्ट लिहायला हरकत नाही. फ्रेंचांकडून लढलेल्या मुलीचे 'जोन ऑफ आर्क' हे नावही तसेच ठेवावे. मात्र भाषांतराच्या भरात 'आर्कची जोन' किंवा 'आर्क गावची मुलगी' होऊ देऊ नका. आर्क हे तिच्या वडिलांच्या आडनावातून आले आहे, तिचे गाव दोंरेमी. पुढे तिच्यावर चाललेल्या खटल्यात नाव विचारले तेव्हा तिने सांगितले की गावाकडे मला जानेट म्हणत आणि फ्रान्समध्ये आल्यापासून जान म्हणतात.