अंगठा दिला म्हणजे सौदा झाला का?

या महिन्याच्या टपालातली तीन पत्रं घेतलीत. तिन्हींत लिहिलेलं सगळ्यांना दिसतंय, भांडण आहे ते त्याचा अर्थ काय यावरून.

प्रश्न : आमची चार एकर द्राक्षबाग आहे. फेब्रुवारीत एका व्यापाऱ्याचा व्हॉट्सअपवर मेसेज आला, "३८ रुपये किलो, पुढच्या आठवड्यात काढणी, इसार नंतर देतो." मी ट्रॅक्टरवर होतो, नुसता अंगठा टाकला. दोन दिवसांनी दुसऱ्याने ४६ चा भाव काढला, मी त्याला माल देऊन टाकला. आता पहिला म्हणतो अंगठा दिला म्हणजे सौदा झाला, नुकसानभरपाई दे. माझं म्हणणं अंगठा म्हणजे मेसेज पाहिला, बस. कोण बरोबर?
– बागायतदार, दिंडोरी तालुका

उत्तर : दादा, तुमच्यासारखाच एक शेतकरी कॅनडात कोर्टापर्यंत गेला आणि हरला, त्यामुळे आधी त्याचंच सांगतो. सस्कॅचेवान म्हणून तिथला प्रांत आहे, २०२१ च्या मार्चमध्ये धान्य घेणाऱ्या कंपनीने त्याच्याशी फोनवर बोलून ८७ टन जवसाचा करार बनवला, सही करून त्याचा फोटो मोबाईलवर पाठवला आणि लिहिलं की कन्फर्म करा. याने अंगठा पाठवला. भाव ठरला होता बुशेलला (तिकडचं धान्याचं माप) १७ डॉलर, माल द्यायचा नोव्हेंबरात, आणि नोव्हेंबर येईपर्यंत बाजार गेला ४१ डॉलरवर. माल काही पोचला नाही. कोर्टात त्याने अगदी तुमचंच वाक्य म्हटलं, अंगठा म्हणजे करार मिळाला एवढंच, वाचून सांगतो असा अर्थ.

जून २०२३ मध्ये निकाल लागला, शेतकऱ्याने ८२ हजार कॅनेडियन डॉलर भरावेत. पुढे अपिलातही तेच राहिलं. पण खरी गंमत निकालाच्या कारणात आहे. न्यायाधीशांनी इमोजीचा अर्थ ऑनलाईन डिक्शनरीत पाहिला खरा, पण वजन दिलं ते वेगळ्याच गोष्टीला. याच दोघांत आधीही असेच करार फोटो पाठवून झाले होते, तेव्हा शेतकऱ्याने एकदा "ओके", एकदा "यप", एकदा "लुक्स गुड" एवढंच लिहिलं होतं आणि दर वेळी माल नेऊन टाकला होता. म्हणजे या दोघांत तेवढं म्हटलं की सौदा पक्का, अशी वहिवाटच पडलेली. अंगठा त्या जुन्या "ओके"च्या जागी बसला, दुसरं काही नाही.

म्हणून तुम्हाला उलटा प्रश्न विचारतो, या व्यापाऱ्याला मागच्या दोन-तीन हंगामात माल दिला होता का, आणि तेव्हा नुसत्या अंगठ्यावर दिला होता का? दिला असेल तर त्याच्या बोलण्यात दम आहे. पहिलीच वेळ असेल तर आपल्याकडची रीत तुमच्या बाजूची आहे, कारण आपल्या भागात बाग दिली असं कधी म्हणतात, तर इसार हातात पडला की. त्याच्या मेसेजमध्येच इसार नंतर देतो असं आहे, तो मेसेज जपून ठेवा, डिलीट करू नका. कायद्याचं म्हणाल तर १८७२ चा आपला करार कायदा नुसत्या बोलण्यावागण्यातून दिलेला होकारही धरतो, आणि माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम १०अ मुळे करार मोबाईलवर झाला एवढ्याच कारणाने रद्द ठरत नाही, त्यामुळे व्हॉट्सअपच तर आहे म्हणून हसण्यावारी नेऊ नका, वकिलाला सगळी चॅट दाखवा, मी काही वकील नाही.

आणि हो, अंगठा हे चिन्ह आपल्याकडे आधीपासूनच दुतोंडी आहे. सातबाऱ्याच्या कामाला ज्याला सही येत नाही तो अंगठा उठवतो, तो पक्का होकार. तोच अंगठा कुणाच्या नाकासमोर हलवला की ठेंगा! इराणात तर जुन्या माणसांपुढे उभा अंगठा केला तर शिवी दिल्यासारखं व्हायचं. माझे आजोबा घोटीच्या जनावरांच्या बाजारात मला घेऊन जायचे, तिथे बैलाचा भाव कुणी तोंडाने बोलायचंच नाही, दोघं उपरण्याखाली हात घालायचे, एकमेकांची बोटं दाबायचे, आणि बाहेर चेहरे असे की जणू पावसापाण्याच्या गप्पा चाललेत. एक बोट म्हणजे शंभर की हजार हे बोटावर कुठे लिहिलंय? पण त्या दोघांना माहीत असायचं, कारण समोर कोणता बैल उभा आहे हे दोघांना दिसत होतं. व्हॉट्सअपवर बैल दिसत नाही हो, ही अडचण आहे. पुढच्या वेळी दोन शब्द टाईप करा, "पाहिलं, कळवतो". ट्रॅक्टर थांबवायला लागला तरी चालेल.

प्रश्न : माझा नातू जर्मनीत वाढलाय, मराठी कळतं थोडंफार पण वाचता येत नाही, मी लिहिलेलं तो मोबाईलमध्ये भाषांतर करून वाचतो. मी लिहिलं, "काल सकाळी गंगेवर जाऊन आले. नारळ वाढवला. आजोबा दुकान वाढवून आठला घरी आले. चल, येते आता." त्याचा लगेच फोन, आजी तुम्ही उत्तर प्रदेशात कशाला गेलात, दुकान किती मोठं केलं, आणि तू कोणत्या फ्लाईटने येतेस? यंत्र एवढं हुशार म्हणतात मग असं का?
– एक आजी, पंचवटी

उत्तर : आजी, तुमचं पत्र ऑफिसात मोठ्याने वाचलं, चहा सांडला. त्या पोराची चूक नाही आणि खरं तर यंत्राचीही फारशी नाही. तुमच्या चार वाक्यांत चार ठिकाणी आपण मराठी माणसं जे म्हणायचं ते म्हणतच नाही.

नारळ फोडला म्हणायचं नाही, दुकान बंद केलं म्हणायचं नाही, बांगडी फुटली म्हणायचं नाही. अशुभ नको तोंडातून, म्हणून सगळं "वाढवायचं". घरातून निघताना "जाते" म्हटलं तर तुम्हीच ओरडणार, जाते काय, येते म्हण. हे घरात ऐकून ऐकून येतं, त्याच्याकडे फ्रँकफर्टला की कुठे ते ऐकायला कोण आहे. आता नारळाचंच आणखी बघा, सभेत शालीबरोबर दिला तर सत्कार, कंपनीत साहेबाने दिला तर नोकरी गेली. नारळ एकच.

भाषांतराची यंत्रं कशी चालतात हे थोडक्यात सांगतो. माणसांनी केलेली भाषांतरं आणि ढीगभर मजकूर वाचून ती शिकतात की कोणत्या शब्दाच्या शेजारी कोणता शब्द येतो. आधी ती वाक्याचे तुकडे पाडून जुळवायची, २०१७ च्या आसपास आपल्या भाषांसाठी न्यूरल पद्धत आली आणि ती अख्खं वाक्य एकदम बघायला लागली. त्यामुळे जे वाक्यातच आहे ते आता बऱ्यापैकी कळतं. "परवा" हा शब्द घ्या, मागचा परवा की पुढचा परवा हे शब्दात नाहीच, पण "परवा आले" आणि "परवा येईन" यात क्रियापद सांगून टाकतं, तिथे यंत्राला आधार मिळतो. "नारळ वाढवला" हेसुद्धा भरपूर वेळा वाचलं असेल तर जमेल.

पण "गंगेवर" जमणं अवघड. गंगा म्हणजे गंगाच, चूक काढायला जागाच नाही! नाशकात गंगा म्हणजे गोदावरी हे तुमच्या वाक्यात कुठेही नाही, ते तुम्ही पंचवटीत राहता यात आहे. गौतम ऋषींनी ब्रह्मगिरीवर गंगा आणली ही कथा ज्याला माहीत तो नावावरून भांडणारही नाही. उद्या पावसाळ्यात तुम्ही लिहाल की दुतोंड्या मारुतीच्या (गोदेच्या पात्रातली ती उंच मूर्ती) कमरेला पाणी लागलं, यंत्र त्याचं जर्मन बिनचूक करेल, आणि पोराला वाटेल देवाची पूजा चाललीय. रामकुंडाजवळ लहानपण गेलेल्या माणसाला मात्र त्यावरून पूर किती चढलाय, भांडी बाजारातल्या दुकानांत काय धावपळ चालली असेल, सगळं डोळ्यासमोर येतं.

तुम्ही लिहिणं बदलू नका, असं माझं मत (घरी भांडण झालं तर माझं नाव सांगू नका). लिहिण्याऐवजी आवाजाचा मेसेज पाठवा, थोडंफार मराठी त्याला कळतंच, आणि अडला की विचारेल. या वेळीही विचारलंच की त्याने, फोन केला.

प्रश्न : मी निवृत्त शिक्षक. मुलगी म्हणते, बाबा घरच्या ग्रुपवर "ठीक आहे." असं पूर्णविराम देऊन लिहू नका, रागावल्यासारखं वाटतं. पस्तीस वर्षं मुलांच्या वहीत राहिलेले पूर्णविराम लाल शाईने भरले, आता हे ऐकायचं?
– गंगापूर रोड

उत्तर : सर, मुलगी एकटी नाही. २०१५ साली अमेरिकेत बिंगहॅम्टन विद्यापीठाच्या संशोधकांनी १२६ विद्यार्थ्यांना छोटी छोटी उत्तरं वाचायला दिली होती, तर मोबाईलच्या मेसेजमध्ये पूर्णविराम असलेलं उत्तर त्यांना कमी मनापासूनचं वाटलं, आणि तेच उत्तर हाताने लिहिलेल्या चिठ्ठीत असलं की काही फरक पडला नाही. मेसेज पाठवला की वाक्य तसंही संपतं, मग वर आणखी टिंब कशाला दिलं असेल, असा तरुण पोरांचा हिशोब.

राहता राहिला मराठीचा अभिमान, तर आपल्या मोडीतल्या दप्तरांत असले पूर्णविराम-स्वल्पविराम नव्हतेच, इंग्रजीवरून ते मराठीत आणायचं श्रेय मेजर थॉमस कँडी या गोऱ्या साहेबाला देतात, १८५० साली त्याने विरामचिन्हांवर पुस्तकच काढलं. वहीत लाल शाई चालू ठेवा, ग्रुपवर मात्र "ठीक आहे गं" लिहून बघा. त्या "गं"पुढे टिंब दिलंत तरी ती काही म्हणणार नाही.