मराठवाड्यात वाघ आहे का?

येतो, पण बाहेरून. 2021 मध्ये यवतमाळच्या टिपेश्वर अभयारण्यातला एक वाघ शेकडो किलोमीटर चालून संभाजीनगरकडच्या गौताळा अभयारण्यात पोचला; डिसेंबर 2024 मध्ये दुसरा धाराशिव जिल्ह्यातल्या येडशीच्या रामलिंग अभयारण्यात कॅमेऱ्यात आला. हे जंगल जेमतेम 22 चौरस किलोमीटर, म्हणजे तो शिवारात उतरणार, जनावरं मारणार, हे ओघानं आलंच. भरपाई मिळते, पण आधी पंचनामा करून घ्या.

बाकी बीडच्या नायगाव अभयारण्यात मोर, जायकवाडी धरणावर पक्षी. हरणं मात्र अभयारण्यापेक्षा हरभऱ्यातच जास्त!

माझ्या मते वन्यप्राण्यांचं सगळ्यात स्वस्त संरक्षण म्हणजे विहिरीला कठडा. जमिनीलगतची उघडी विहीर अंधारात दिसत नाही. कोल्हा, काळवीट, बिबट्या, कुणीही आत पडतं. पडलेलं दिसलं तर गर्दी जमवू नका, वनविभागाच्या 1926 वर फोन करा.