उत्तर: सिनेमात स्वतःचेच दागिने घालू का?

तुझी पोस्ट काल रात्री वाचली आणि पोटात गोळाच आला. छोट्या बजेटचा सिनेमा, तुझा मेन रोल, दागिन्यांचा तुझा स्वतःचा छोटा ब्रँड, आणि दिग्दर्शक म्हणतोय "तुझेच घाल ना, कॅरेक्टरला शोभतील, तुझी फुकटात जाहिरात पण होईल". अगं हेच वाक्य, जवळपास याच शब्दांत, मला सहा वर्षांपूर्वी ऐकवलं होतं आणि मी हुरळून जाऊन हो म्हणून बसले होते.

दोन्ही कामं एकत्र कशी सांभाळायची, खाती वेगळी ठेवायची, शूटच्या दिवसांत ऑर्डर कोण बघणार, हे वर बाकीच्यांनी लिहिलंय आणि ते तुला कळतंच, त्यात मी शिरत नाही. मी फक्त एका पेंडंटची गोष्ट सांगते. आधीच सांगून ठेवते, मी वकील नाही, प्रत्येक देशाचा कायदा वेगळा, माझा अनुभव एकाच प्रॉडक्शनचा आहे आणि मी अजून त्यांच्यावर चिडलेली आहे, त्यामुळे माझं बोलणं थोडं हात राखूनच घ्या.

तर पेंडंट. चांदीचं, 925 मधलं, म्हणजे 92.5 टक्के चांदी आणि उरलेलं बहुतेक तांबं. मेणात मी स्वतः कोरलेलं, एकच ओतून घेतलं होतं, मध्ये मूनस्टोन. 38 मिलिमीटर उंच. त्याचा रबर मोल्ड, म्हणजे तसाच पीस पुन्हा ओतायचा साचा, अजून काढला नव्हता, म्हटलं शूट झालं की निवांत काढू, मग त्याच्यावर पुढचं सगळं कलेक्शन उभं करू. ही पहिली माती खाल्ली. मेणाचा मास्टर ओतकामात वितळून जातो, एवढं मला, दिवसभर हेच करणाऱ्या बाईला, माहीत नव्हतं असं नाही. म्हणजे जगात त्या वस्तूचा दुसरा पुरावाच नव्हता आणि मी ती झिपच्या पिशवीत घालून कॉस्च्यूमच्या टेबलावर ठेवली. पावती नाही, फोटो नाही, वजन नाही. मोबाइलवर एक मेसेज, "पेंडंट दिलं हं", त्याला समोरून अंगठा.

पहिल्या दिवशी पॅकअप झाल्यावर मी ते गळ्यातून काढून पर्समध्ये टाकायला लागले तर कॉस्च्यूमवाली म्हणाली, "नाही नाही, आता ते एस्टॅब्लिश झालं, घरी नेता येणार नाही." तिचंही बरोबरच होतं. एकदा क्लोजअपमध्ये दिसलं की कथेतल्या त्या दिवसाच्या प्रत्येक सीनमध्ये ते लागणार, उद्या मी घरी विसरले तर तीस माणसं खोळंबणार. त्या क्षणी तुझ्या वस्तूवरचा तुझा ताबा सुटतो, आणि हे कुणी तुला आधी सांगत नाही. तुझा आणि तुझ्या दागिन्याचा संबंध संपला, आता तो कॅरेक्टरचा.

शूट संपलं. मी मागितलं. "पॅचवर्क बाकी आहे." म्हणजे राहिलेले सुटे शॉट. तेही बरोबर. मग पॅचवर्क झालं. मग ऑफिसला फोन. आणि इथून पुढे अकरा महिने हेच. त्या ऑफिसचं नाव मी घेत नाही कारण घेतलं तर अजून एक पत्र येईल. ऑफिस म्हणायचं कॉस्च्यूमला विचारा, कॉस्च्यूमवाली म्हणायची सगळं खोक्यात भरून ऑफिसला दिलं, सही घेतली, ऑफिस म्हणायचं खोकी गोडाऊनला गेली, गोडाऊनची किल्ली ज्याच्याकडे तो दुसऱ्या शूटवर गेलाय. एकदा मी स्वतः जाऊन बसले. दोन तास. समोरचा माणूस अतिशय गोड बोलायचा हो, हाच तर राग. शेवटी म्हणाला, "मॅडम, तुमचंच आहे असं लेखी काही आहे का?" माझ्या तोंडून शब्द फुटेना. मी मोबाइल काढून तो अंगठा दाखवला. तो हसला नाही, ते मात्र त्याला मी मानते.

अकराव्या महिन्यात कुरिअरने पाकीट आलं. उघडलं, हायसं वाटलं, आणि हातात घेतल्याबरोबर कळलं की काहीतरी चुकतंय. हलकं लागत होतं. माझ्याकडे त्याच्यासाठी फोमची डबी होती, मी त्याच्याच आकाराची कापलेली. त्यात ठेवलं तर चहूबाजूने फट, बोटाने ढकललं की हलत होतं. कॅलिपरने मोजलं, उंची 36.5 मिलिमीटर. मागे माझा शिक्का होता, पण अक्षरं पुसट, कडा गोल झालेल्या, जशा साबणाच्या वडीवरच्या होतात तशा. ज्यांनी कास्टिंग केलंय त्यांना आत्ताच कळलं असेल. तयार दागिन्यावरून रबर मोल्ड काढून परत ओतला की पीस काही टक्के आक्रसतो आणि बारीक काम बोथट होतं. आणि दगड तिरका केला तर काहीच झालं नाही. खऱ्या मूनस्टोनमध्ये ती निळसर झाक दगड हलवला की वरून तरंगत जाते, याच्यात सगळीकडे सारखाच दुधी निळा, म्हणजे ओपलाइट, म्हणजे काच.

त्या सिनेमात मी पेंडंट पाण्यात भिरकावते असा सीन आहे. त्यासाठी त्यांनी डुप्लिकेट करून घेतलं होतं. मला न विचारता, माझ्या एकुलत्या एका पीसवरून. डुप्लिकेट लागतातच सेटवर, त्याबद्दल तक्रार नाही, पाण्यात फेकायचं तर दोन-तीन करतातच. पण मग पाण्यात गेलं कुठलं? मला आजतागायत माहीत नाही. सिनेमा मी पाच वेळा तो एक शॉट थांबवून थांबवून बघितलाय.

आता खरी जखम. मी वकिलांकरवी पत्र पाठवलं तर उत्तर आलं की माझ्या करारात कलम आहे, कलाकाराने या चित्रपटासाठी दिलेलं सर्व प्रकारचं योगदान निर्मात्याच्या मालकीचं राहील. मी सही केली तेव्हा मला वाटलं योगदान म्हणजे अभिनय, फार तर सेटवर सुचलेला एखादा संवाद. त्यांनी त्यात पेंडंट बसवलं, आणि नुसता पीस नाही, डिझाइन पण. त्यांचं म्हणणं कोर्टात टिकलं असतं का, माझ्या वकिलांच्या मते नसतं टिकलं. पण ते टिकत नाही हे सिद्ध करायचा खर्च माझ्या त्या सिनेमाच्या मानधनाच्या कितीतरी पट होता, म्हणून मी सोडून दिलं, आणि ते कलेक्शन आजपर्यंत केलं नाही. लोक मेसेज करून विचारतात, ते सिनेमातलं पेंडंट मिळेल का. काय उत्तर देऊ?

तर तुझ्या प्रश्नाचं उत्तर, घाल, पण विकू नकोस, फुकट देऊ नकोस, *भाड्याने दे*. भाडं नाममात्र असलं तरी चालेल, पण कागदावर भाडं हा शब्द पाहिजे, कारण भाड्याने दिलेली वस्तू परत येते हे सगळ्यांना समजतं, "आपल्याच माणसाने आणलेली" वस्तू कुणाचीच नसते. ही काही माझी अक्कल नाही. 1930 च्या दशकापासून हॉलिवूडच्या स्टुडिओंना दागिने पुरवणारा युजीन जोसेफ म्हणून एक माणूस होता, त्याने धंदाच या एका गोष्टीवर उभा केला की स्टुडिओला दागिना विकायचा नाही, भाड्याने द्यायचा आणि शूट झालं की परत घ्यायचा. 1939 च्या 'गॉन विथ द विंड'मध्ये त्याचे दागिने आहेत. तो 1948 मध्ये विमान अपघातात गेला, पण पीस त्यांच्याकडेच असल्यामुळे त्याच्या बायकोला धंदा पुढे चालवता आला. हे मी पेंडंट गेल्यावर वाचलं, आणि तेव्हा स्वतःलाच दोन लगावाव्या वाटल्या.

कागद मोठा नको, एक पान पुरे. प्रत्येक पीसचा पुढून-मागून फोटो शेजारी पट्टी ठेवून, वजन ग्रॅममध्ये दोन दशांशांपर्यंत, धातू, दगड, तुझा शिक्का कुठे आहे ते. किंमत लिहिताना तुला पडलेली मजुरी-मटेरियल नको, परत बनवायला किंवा बाजारात घ्यायला लागेल ती लिही, कारण हरवलं तर तेवढेच मिळणार. परतीची तारीख "शूट संपल्यावर" अशी कधीच नको, शूट कधी संपतं हे देवाला पण सांगता येत नाही, ठरावीक तारीख घाल आणि पॅचवर्कला पुन्हा लागलं तर पुन्हा नवीन कागद. डुप्लिकेट करायचं असेल तर तूच करून देणार आणि नंतर सगळे तुझ्याकडे परत. डिझाइन तुझं राहील हे एक वाक्य. क्रेडिटमध्ये ब्रँडचं नाव कसं लिहिणार ते अक्षरन् अक्षर. आणि सही प्रॉडक्शनच्या माणसाची घे, कॉस्च्यूमवालीची नको, ती बिचारी तुझ्यासारखीच रोजावर आहे. विमा आहे का विचार, असेल तर बाहेरून आणलेल्या वस्तू त्यात येतात का तेही विचार, मी विचारलं नव्हतं.

मोल्ड आधी काढ. हे ठळक अक्षरात वाच.

डिझाइन नोंदवायचा विचार असेल तर अर्ज शूटच्या आधी, निदान पहिल्या शोच्या आधी तरी. बऱ्याच ठिकाणी नोंदणीसाठी डिझाइन नवं लागतं, आणि पडद्यावर दिसलं की ते जगासमोर आलं असं धरलं जाऊ शकतं. अमेरिकेत आणि युरोपियन युनियनमध्ये स्वतःच उघड केलं असेल तर 12 महिन्यांची मुभा आहे, पण ती सगळीकडे असते असं धरून चालू नकोस. एकदा एका देशात अर्ज झाला की पॅरिस कन्व्हेन्शन या आंतरराष्ट्रीय कराराप्रमाणे बाकीच्या सदस्य देशांत अर्ज करायला 6 महिने मिळतात. प्रत्येक अंगठीसाठी हे करण्यात अर्थ नाही, खर्च परवडत नाही, पण ज्याच्यावर कलेक्शन उभं राहणार आहे त्याच्यासाठी कर. यावर मात्र खरंच वकिलाशी बोल, माझ्या भरवशावर राहू नकोस.

फुकट जाहिरातीबद्दल पण बोलतेच, कारण याच शब्दाने आपण फसतो. सिनेमा कधी येणार माहीत नाही, आला तर किती लोक बघणार माहीत नाही, आणि बघितला तरी सिनेमाच्या स्टिलवर, म्हणजे फोटोंवर, तुझा हक्क नसतो. मी माझ्याच चेहऱ्याचा, माझ्याच पेंडंटचा, माझ्याच गळ्यातला फोटो माझ्या पेजवर टाकला, दोन दिवसांत काढा म्हणून मेल आला. फोटोत कोण आहे त्यावर फोटोची मालकी ठरत नाही, साधारणपणे ती फोटोग्राफरची किंवा करारानुसार प्रॉडक्शनची असते. त्यामुळे भाड्याचे पैसे मिळत नसतील तर त्याच्या बदल्यात दागिने दिसणारी अमुक इतकी स्टिल दुकानाच्या प्रसिद्धीसाठी वापरायची लेखी परवानगी माग. ती त्यांना फुकट पडते, पटकन देतात. पण मागितली तरच.

पुढचं प्रश्नात नव्हतं तरी सांगते. सेटवर दागिन्याचा सगळ्यात मोठा शत्रू साउंडवाला. कपड्याखाली कॉलर माइक असतो, त्याच्यावर साखळी घासली की आख्खा टेक वाया आणि सगळे तुझ्याकडे बघतात. पेंडंटच्या मागे पातळ फेल्टचा तुकडा चिकटव, कड्या-बांगड्यांच्या मध्ये पारदर्शक सिलिकॉनचे बारीक ठिपके दे, क्लोजअपमध्ये दिसत नाहीत. चकचकीत पॉलिश लाइटखाली कॅमेऱ्यात भडकतं, मॅट ठेव. त्या जोसेफने पण स्टुडिओ लाइटसाठी खास मॅट सोनेरी फिनिश काढलं होतं. चांदी रबर बँडबरोबर ठेवू नकोस, रबरातल्या गंधकाने काळी पडते, मी एका रात्रीत बारा पीस काळे केलेत. मूनस्टोन, ओपल, मोती अल्ट्रासॉनिकमध्ये, म्हणजे कंपनांनी दागिने साफ करायच्या मशीनमध्ये, घालू नकोस, हे तुला माहीत असेल पण असिस्टंटला माहीत नसतं.

आणि सिनेमा फेस्टिवलला गेला आणि तू दागिने घेऊन परदेशात निघालीस तर एटीए कार्नेटची, म्हणजे तात्पुरत्या नेलेल्या वस्तूंच्या कस्टम्सच्या कागदाची, चौकशी कर. दाखवून परत आणायचे नमुने, व्यावसायिक सामान, प्रदर्शनातल्या वस्तू यांच्यासाठी असतं, 1 वर्षापर्यंत चालतं, परत येताना आपल्याच वस्तूवर ड्युटी भरायची वेळ येत नाही. जे तिथे विकणार आहेस ते त्यात घालू नकोस, त्याचे कागद वेगळे.

तू लिहिलंयस की दिग्दर्शक मित्र आहे, त्याच्याकडे कागद मागायला कसंतरी वाटतं. माझाही मित्रच होता, अजून आहे, चांगला माणूस आहे, पेंडंटचं त्याला खरंच वाईट वाटलं. पण गोडाऊनची किल्ली त्याच्याकडे नव्हती ना.

कराराचा ड्राफ्ट तुझ्याकडे आला असेल तर "योगदान" किंवा त्याच्यासारखा शब्द ज्या कलमात आहे तेवढंच कलम इथे टाक, नावं झाकून. मी आज रात्री शूटवर आहे, उद्या दुपारनंतर बघते.