कोफायनलमधला ‘को’ बाण उलटवत नाही

कॅटेगरी थिअरी, म्हणजे ऑब्जेक्ट आणि त्यांना जोडणारे बाण यांचं गणित, त्यातला तुमचा प्रश्न मला कळला तो असा. परिमेय संख्यांच्या उदाहरणात ‘फायनल फंक्टर’ हा शब्द आला (फंक्टर म्हणजे एका कॅटेगरीतले ऑब्जेक्ट आणि बाण दुसरीत नेणारा नियम) आणि तिथे कोलिमिट होता, म्हणजे सगळे संच बाणांप्रमाणे एकमेकांना चिकटवून जे उरतं ते. प्रोफाइनाइट पूर्णांकांच्या उदाहरणात (प्रत्येक म ने भागल्यावरच्या, एकमेकांशी जुळणाऱ्या बाक्या एकत्र बांधून बनणाऱ्या संख्या) ‘कोफायनल’ आला आणि तिथे लिमिट होता, म्हणजे प्रत्येक संचातून बाणांशी जुळेल असा एकेक घटक निवडणं. त्यावरून तुम्ही धरलंत की कोफायनल हा फायनलचा ड्युअल, म्हणजे सगळे बाण उलटवून मिळणारा जोडीदार. मग अटीतले बाण उलटवून तपासलंत, तर २ च्या घातांची माळ पुरते, म्हणजे सगळ्या संख्यांऐवजी तेवढ्याच घेतल्या तरी उत्तर तेच येतं, असं निघालं आणि सरांनी ते खोडलं. शेवटी विचारलंय की २, ६, ३०, २१० ही माळ चालेल का.

आधी सरळ उत्तर: फायनल आणि कोफायनल हे एकाच गोष्टीचे दोन शब्द आहेत. ड्युअल हवा असेल तर त्याचं नाव ‘इनिशियल फंक्टर’. तुमची गफलत मात्र निष्काळजीपणाची नाही. कॅटेगरी थिअरी शिकताना लिमिट-कोलिमिट, प्रॉडक्ट-कोप्रॉडक्ट, इक्वलायझर-कोइक्वलायझर हे इतकं अंगवळणी पडतं की ‘को’ दिसला की हात आपोआप बाण उलटवतो.

पण गणितात ‘को’ तीन ठिकाणांहून आलाय. कोलिमिटमधला ‘को’ बाण उलटवणारा. कोसाइनमधला ‘को’ कोटिकोनाचा, म्हणजे उरलेल्या कोनाचा साइन. कोफायनाइटमधलाही तोच, पूरक संच सांत आहे असं सांगणारा. आणि तिसरा ‘सोबत’ या अर्थाचा, जो शाळेत आपण ‘सहमूळ संख्या’ म्हणताना मराठीत अचूक आणलाय. कोफायनलमधला ‘को’ हा तिसरा. जर्मन गणितज्ञ फेलिक्स हाउसडॉर्फ यांनी विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात क्रमित संचांवर काम करताना हा शब्द रूढ केला: उपसंच मूळ संचाच्या सोबत, त्याच्या टोकापर्यंत जातो, एवढाच अर्थ. आयलनबर्ग आणि मॅक लेन यांनी कॅटेगरीची व्याख्या छापली ती १९४५ मध्ये. म्हणजे हा शब्द कॅटेगरी थिअरीपेक्षा तीसेक वर्षांहून जुना आहे, त्यात ड्युअलचा ‘को’ असणं शक्यच नाही. मराठीत कोणी ‘सहांतिम’ म्हटलं तर मला चालेल, फक्त मग कोलिमिटला ‘सहसीमा’ म्हणू नये. एकाच ‘सह’ला दोन कामं लावली की हाच घोळ मराठीतही शिरेल.

आता फंक्टर फायनल असण्याची अट. फ हा क कॅटेगरीतून ड कॅटेगरीत जाणारा फंक्टर. ड मधला कुठलाही ऑब्जेक्ट ‘अ’ घ्या आणि ‘अ’कडून फ च्या प्रतिमांकडे जाणारे सगळे बाण गोळा करा. ही झाली अ↓फ ही कॉमा कॅटेगरी. प्रत्येक ‘अ’साठी ती रिकामी नसावी आणि जोडलेली असावी. जोडलेली म्हणजे कुठल्याही दोन बाणांमध्ये पुढे-मागे करत, नागमोडी का होईना, वाट असावी. एवढं असेल तर ड वरचा कोणताही कोलिमिट क वर काढला तरी तोच येतो. आणि हे उलटही खरं आहे: कोलिमिट नेहमीच तोच येत असेल तर अट पाळली गेलेलीच असते.

‘रिकामी नसावी’ हे बहुतेकांना पटकन समजतं, ‘जोडलेली असावी’ निसटतं. तुम्ही बदलापूरहून येता म्हणालात, तेव्हा तुमच्याच मार्गावर पाहू. मध्य रेल्वेची मेन लाइन घ्या, फक्त डाऊन दिशा. स्टेशनं हे ऑब्जेक्ट, आणि एका स्टेशनावरून दुसऱ्यावर डाऊन लोकलने जाता येत असेल तर एक बाण. सीएसएमटी, दादर, ठाणे, कल्याण, आणि कल्याणला फाटा: एक फांदी टिटवाळा, आसनगावावरून कसाऱ्याला, दुसरी अंबरनाथ, बदलापूर, कर्जतवरून खोपोलीला. हार्बर, ट्रान्स-हार्बर सगळं बाजूला ठेवा.

आता फक्त दोन शेवटची स्टेशनं निवडू: कसारा आणि खोपोली. हाउसडॉर्फच्या जुन्या अर्थाने हा उपसंच कोफायनल आहे, कारण कुठल्याही स्टेशनावरून पुढे जाऊन यांतल्या एकावर तरी पोचता येतं. अ↓फ कुठेच रिकामी नाही. पण ठाण्याला उभं राहून पाहा. ठाण्याहून कसाऱ्यालाही जाता येतं आणि खोपोलीलाही, आणि आपल्या निवडीत या दोघांना जोडणारं काहीच नाही. कॉमा कॅटेगरीचे दोन तुकडे पडले. म्हणून हा फंक्टर फायनल नाही.

याने नुकसान काय होतं ते आकड्यांत दिसतं. कल्याणपर्यंतच्या प्रत्येक स्टेशनाला एक घटक असलेला संच द्या. कसारा फांदीवर प्रत्येक ठिकाणी दोन घटकांचा संच, खोपोली फांदीवरही तसाच. कल्याणचा घटक दोन्हीकडे पहिल्या घटकावर जातो, फांदीवर पुढे काही बदलत नाही. सगळ्या मार्गाचा कोलिमिट काढलात तर दोन्ही फांद्यांचे पहिले घटक कल्याणमुळे एकमेकांना चिकटतात आणि एकूण तीन घटक उरतात. फक्त कसारा आणि खोपोलीवर काढलात तर चिकटवायला कोणी नाही, चार येतात. एक घटक जास्त आला तो केवळ कल्याण सोडल्यामुळे. निवडीत कल्याण घ्या, की ठाण्याच्या कॉमा कॅटेगरीत कसारा आणि खोपोली कल्याणमार्गे जोडले जातात, बदलापूरहून फक्त खोपोली दिसतं आणि ते एकटं जोडलेलंच आहे. तीन स्टेशनांवर अख्ख्या मार्गाचा कोलिमिट बरोबर निघतो.

मला हे उदाहरण फार महत्त्वाचं वाटतं, कारण जुनी आणि नवी व्याख्या नेमकी इथे वेगळी होते. क्रमित संच डायरेक्टेड असेल, म्हणजे कुठल्याही दोन घटकांच्या पुढे एखादा तिसरा सापडत असेल, तर उपसंचासाठी ‘रिकामी नसावी’ एवढंच तपासलं तरी भागतं, जोडणी आपोआप मिळते. फाटा फुटला आणि फांद्या पुन्हा मिळाल्याच नाहीत, की दोन्ही तपासावं लागतं.

पश्चिम रेल्वेच्या मार्गावर चर्चगेट ते विरार एवढाच भाग घ्या, ती सरळ रांग आहे, असा फाटा नाही. त्या रांगेत एकटं विरार निवडलं तरी फायनल, कारण प्रत्येक स्टेशनावरून विरारला नेमका एक बाण आहे. ‘फायनल’ हे नाव मला पटतं ते यामुळेच. एकच ऑब्जेक्ट निवडणारा फंक्टर घेतला तर कॉमा कॅटेगरी म्हणजे नुसता बाणांचा संच. रिकामी नाही म्हणजे किमान एक बाण, जोडलेली म्हणजे जास्तीत जास्त एक. दोन्ही मिळून नेमका एक बाण, आणि हीच टर्मिनल ऑब्जेक्टची व्याख्या. फायनल फंक्टर ही टर्मिनल ऑब्जेक्टचीच पसरलेली कल्पना आहे.

आता तुमची परिमेय संख्यांची माळ. धन पूर्णांक भाज्यतेच्या क्रमाने लावा: म ने न ला भाग जात असेल तर म कडून न कडे बाण. म ला ‘छेद म असलेले सगळे अपूर्णांक’ हा गट द्या. कोलिमिट म्हणजे सगळ्या परिमेय संख्या. हा क्रम डायरेक्टेड आहे, लसावि असतोच. त्यामुळे माळ पुरते की नाही हे एकाच प्रश्नावर ठरतं: कुठलाही म दिला तर माळेत त्याने भाग जाणारी संख्या आहे का? १, २, ६, २४, १२० या फॅक्टोरियलच्या माळेत आहे, कारण म चा फॅक्टोरियल म ने भागला जातोच. २ च्या घातांत नाही: ३ ने त्यांतल्या एकालाही भाग जात नाही, ३ ची कॉमा कॅटेगरी रिकामी. कोलिमिट येतो तो फक्त २ चा घात छेदात असलेल्या संख्यांचा, १/३ त्यात सापडत नाही.

तुम्ही बाण उलटवलेत तेव्हा प्रश्न असा झाला: माळेत म ला भागणारी संख्या आहे का? ती नेहमीच असते, १ आहे ना. त्या अटीने २ चे घातच काय, एकटा १ सुद्धा पास झाला असता. उत्तर तिथे फिरलं.

मग प्रोफाइनाइट पूर्णांकांत लिमिट असूनही ‘कोफायनल’ का लिहिलंय? कारण तिथे बाण आधीच एकदा उलटलेले आहेत. न ने म ला भाग जात असेल तर ‘मॉड्युलो म’ पूर्णांकांकडून (म ने भागल्यावरच्या बाक्यांकडून) ‘मॉड्युलो न’ पूर्णांकांकडे बाण जातो, म्हणजे निर्देशांकांची कॅटेगरी भाज्यतेच्या क्रमाची उलटी आहे. लेखक मात्र ‘कोफायनल’ म्हणताना मूळ, न उलटलेल्या भाज्यतेच्या क्रमाबद्दल बोलतो. उलट्या कॅटेगरीत तोच फंक्टर इनिशियल आहे, लिमिटला तोच लागतो. दोन्ही भाषांत तपासायची गोष्ट एकच: म ने भाग जाणारी संख्या माळेत आहे का. तिथेही २ चे घात घेतले तर २-ॲडिक पूर्णांक येतात, प्रोफाइनाइट नव्हेत.

मी एम.एससी. करत होतो तेव्हा कलिन्याच्या ग्रंथालयात दोन पुस्तकं शेजारी ठेवून दोन दिवस याच जागी अडलो होतो. एकात फायनल, दुसऱ्यात कोफायनल, आणि दोन्ही प्रमेयं खरी. तेव्हापासून शब्दावर विसंबत नाही, पुस्तकातली व्याख्या उघडून कॉमा कॅटेगरीत बाण कुठून कुठे जातो ते बघतो. मॅक लेन यांच्या १९७१ च्या पाठ्यपुस्तकात ‘फायनल’ आहे. जेकब लुरी यांच्या इन्फिनिटी-कॅटेगरीवरच्या २००९ च्या ग्रंथात ‘कोफायनल’ आहे, आणि तिथे अट अधिक कडक आहे: कॉमा कॅटेगरी नुसती जोडलेली पुरत नाही, होमोटॉपीच्या अर्थाने, म्हणजे न तोडता आकार बदलत नेला तर, ती एका बिंदूसारखी असावी लागते. काही ठिकाणी डावा कोफायनल, उजवा कोफायनल असे शब्दही भेटतील. डावा म्हणजे कोणता हे प्रत्येक ठिकाणी तपासाच. आणि पेपरात उत्तर लिहिताना तुम्ही शब्द कोणताही वापरा, पहिल्या ओळीत अट लिहून टाका. तपासणाऱ्यालाही तुमचे बाण कळतात.

राहिली २, ६, ३०, २१० ची माळ. यात मूळ संख्या एकेक करून गुणत गेलोय, त्यामुळे कुठलीही मूळ संख्या कधी ना कधी येते, म्हणून ती पुरेशी वाटते. पण प्रत्येक मूळ संख्या एकदाच येते. म ला ४ घ्या. माळेतल्या एकाही संख्येला ४ ने भाग जात नाही, कॉमा कॅटेगरी रिकामी, फंक्टर फायनल नाही. कोलिमिटमध्ये १/६ मिळेल, १/३० मिळेल, १/४ मिळणार नाही. माळ वाचवायची असेल तर प्रत्येक पायरीला आधीच्या सगळ्या मूळ संख्यांनी पुन्हा एकदा गुणा: २, मग २ × ६ = १२, मग १२ × ३० = ३६०, मग ३६० × २१० = ७५६००. या माळेत प्रत्येक मूळ संख्येचा घात वाढत जातो. कुठलाही म घेतलात तरी कधीतरी त्याने भाग जाईल, हे एकदा स्वतः लिहून पाहा.