शाळेच्या गणवेशाने गरीब-श्रीमंत भेद खरंच मिटतो का, की पालकांचा नुसता खर्च वाढतो?

तुम्ही लिहिलंय की मुलाच्या शाळेत गणवेश ठेवावा की काढून टाकावा यावरून पालकसभेत दोन तट पडलेत. एक गट म्हणतो, गणवेशाने सगळी मुलं सारखी दिसतात. दुसरा म्हणतो, ही शाळेची दुकानदारी आहे. मला विचाराल तर दोघंही अर्धंच बोलतायत. गणवेश आहे की नाही यावर फारसं काही अवलंबून नसतं. घरात त्याचा दुसरा जोड आहे की नाही, यावर बरंच असतं.

मी सोलापूरची. सोलापूर म्हटलं की लोकांना चादर आणि शेंगाचटणी आठवते, पण शाळेचे गणवेश शिवण्याचं हे देशातलं एक मोठं ठिकाण आहे. 2017 साली तिथल्या रेडीमेड कापड उत्पादकांनी गणवेशांचं आंतरराष्ट्रीय प्रदर्शनसुद्धा भरवलं. ती बातमी वाचून मी आईला फोन केला आणि आम्ही दोघी हसलो. आमच्या लेखी गणवेश म्हणजे झोपायची जागा अडवणारे गठ्ठे. आई कारखान्यातून कापलेला माल घरी आणायची आणि डझनावर मजुरी मिळायची. खाकी चड्ड्या, निळे स्कर्ट, पांढरे शर्ट. काज-बटणं शेजारच्या अक्का करायच्या, दिवसभर विड्या वळून झाल्यावर. जानेवारीपासून जून उजाडेपर्यंत मशीन थांबायचं नाही, आणि शाळा उघडल्या की काम आटायचं. म्हणजे इतरांच्या घरी गणवेशाचा खर्च यायचा, त्याच महिन्यांत आमच्या घरी गणवेशाचे पैसे यायचे. एवढं सगळं असूनही माझ्याकडे गणवेश एकच होता.

तोही कटपीसमधून शिवलेला. कारखान्यात उरलेले तुकडे स्वस्तात मिळायचे, पण ते ज्या लॉटचे मिळतील त्या लॉटचे. ज्यांनी कापडात काम केलंय त्यांना माहीत असेल, एकाच निळ्याच्या दोन लॉटची शेड जुळत नाही. दुकानात ठेवलं तर कळणार नाही, पण उन्हात प्रार्थनेच्या रांगेत उभं केलं की लगेच कळतं. माझा स्कर्ट बाकीच्या मुलींपेक्षा किंचित जांभळट होता. कोणी चिडवलं वगैरे नाही, पण मला माहीत होतं आणि त्यांनाही. शिवाय स्कर्ट शिवतानाच वाढत्या अंगाचा. खाली चांगली तीन बोटं घडी आत दुमडलेली. दर जूनला आई एक घडी उसवायची आणि त्या जागी गडद निळी पट्टी दिसायची, कारण तेवढ्या कापडाला ऊन आणि साबण लागलेला नसायचा. कोणाचा स्कर्ट कितव्या वर्षात आहे ते पट्ट्या मोजून सांगता यायचं, झाडाचं वय सांगतात तसं. तेव्हा सारखेपणाचं म्हणाल तर तो रस्त्याच्या पलीकडून दिसतो. बाकावर शेजारी बसलेल्या पोरीला सगळं दिसतं.

तरीही गणवेश काढून टाका असं मी म्हणणार नाही. शाळेच्या स्नेहसंमेलनाला आम्हाला रंगीत कपड्यांत बोलवायचे. त्या एका दिवसासाठी माझ्या दोन मैत्रिणी दरवर्षी 'आजारी' पडायच्या. जांभळट स्कर्ट घालून मी कित्येक वर्षं शाळेत गेले, पण रंगीत कपड्यांच्या दिवशी मलाही पोटात गोळा यायचा. कोणाला हे पटत नसेल तर त्याने वर्गातल्या सर्वांत गप्प मुलीला एकदा विचारून बघावं.

आता दुसऱ्या जोडाचं. एकच गणवेश असला की तो रोज रात्री धुवावा लागतो. उन्हाळ्यात सोलापुरात दोरीवर टाकून मागे वळेपर्यंत वाळतो. पावसाळी हवेत वाळत नाही. मग ओल्यावरच इस्त्री फिरवायची, त्याचा तो कुबट वास दिवसभर अंगाला. टेरिकॉट त्यातल्या त्यात बरं, पण पांढरं सुती पोलकं असेल तर संपलंच. मग घरातली बाई एक हिशोब करते: ओला गणवेश घालून पाठवू की आज राहू दे? आमच्या वर्गात एक मुलगी असायची, तिचे खाडे पावसाच्या दिवसांत हमखास. हजेरीत 'आजारी' असायचं. आजारी नव्हती ती. कपडा वाळला नव्हता.

हे माझ्या एकटीचं रडगाणं नाही. केनियात प्राथमिक शाळेची फी 2003 साली बंद झाली, पण गणवेशाचा खर्च पालकांवर राहिला. तिथे काही मुलांना चिठ्ठ्या टाकून मोफत गणवेश दिले आणि बाकीच्यांशी तुलना केली. ज्यांना मिळाला त्यांची गैरहजेरी चांगलीच घटली, आणि ज्यांच्याकडे आधी गणवेशच नव्हता त्यांची सर्वांत जास्त. पण आठ वर्षांनी पुन्हा पाहिलं तेव्हा शिक्षण किती झालं यात दोन्ही गटांत फरक सापडला नाही. पश्चिम केनियातल्या दुसऱ्या एका प्रयोगात मात्र गणवेश मिळालेल्या मुलींनी शाळा सोडण्याचं आणि कोवळ्या वयात बाळंतपण येण्याचं प्रमाण कमी झालेलं दिसलं. उलट अमेरिकेत 1990च्या दशकात गणवेशाने शिस्त येईल म्हणून मोठा गाजावाजा झाला, खुद्द अध्यक्ष क्लिंटन 1996च्या भाषणात त्यावर बोलले. पुढे 1998च्या अभ्यासात हजेरी, वर्तन यांवर थेट परिणाम आढळला नाही. मला यात विसंगती वाटत नाही. ज्या घरात कपडा ही अडचण आहे तिथे तो देण्याने फरक पडतो. जिथे अडचणच नाही तिथे नुसत्या सक्तीने काय होणार?

आपल्याकडे सरकारी शाळांत पहिली ते आठवीपर्यंत समग्र शिक्षा योजनेतून दोन गणवेशांसाठी वर्षाला 600 रुपये मिळतात. दोन जोड, हे त्यातलं सर्वांत शहाणपणाचं कलम. पण केंद्राचा पैसा मिळायचा सगळ्या मुलींना, आणि मुलांपैकी फक्त अनुसूचित जाती-जमातींच्या आणि दारिद्र्यरेषेखालच्या मुलांना. म्हणजे एकाच बाकावरच्या दोन पोरांतल्या एकाला नवा कपडा, दुसरा हात बांधून बघतोय. माझी मैत्रीण जिल्हा परिषद शाळेत शिक्षिका आहे. ती म्हणायची, भेद झाकायला आणलेल्या कपड्याच्या वाटपातच कोण कुठल्या यादीतला ते वर्गाला कळतं. काही ठिकाणी जिल्हा परिषदा किंवा गावकरी पदरचे पैसे घालून उरलेल्यांनाही द्यायचे. 2023 साली राज्य सरकारने उरलेल्या मुलांनाही योजनेत घेतलं, ते खरंच चांगलं झालं.

वाटपाच्या पद्धतीचा मात्र खेळखंडोबा. 2017च्या सुमारास ठरलं की पैसे विद्यार्थी आणि आईच्या जोडखात्यात जमा होतील. तेव्हा दोन जोडांचे 400 रुपये होते. आधी पालकांनी पदरचे पैसे घालून कपडे घ्यायचे, पावती दाखवायची, मग पैसे. मजुरी बुडवून बँकेत खातं काढायला जायचं ते वेगळंच. मग ते मागे पडलं. मग 'एक राज्य, एक गणवेश' आलं. 2024-25 मध्ये कापड राज्यपातळीवर खरेदी झालं. एक गणवेश महिला आर्थिक विकास महामंडळाच्या बचत गटांतल्या बायकांनी शिवायचा, आकाशी शर्ट आणि गडद निळी पँट किंवा स्कर्ट. दुसरा स्काउट-गाइडचा, त्याचं कापड शाळेला मिळणार आणि शिलाईसाठी गणवेशामागे 110 रुपये.

हा आकडा मी आईला सांगितला. तिने विचारलं, "दोरा-बटणं त्यातच?" त्यातच. ती पुढे काही बोलली नाही. साधी गोष्ट आहे, कारखान्यात शंभर नग एका मापाचे निघतात म्हणून मजुरी कमी परवडते. गावातल्या टेलरकडे प्रत्येक पोराचं माप वेगळं, त्याला त्या पैशांत कसं परवडेल? व्हायचं तेच झालं. 15 ऑगस्ट उलटला तरी कित्येक शाळांत गणवेश पोचले नव्हते, आणि जिथे पोचले तिथे मापं चुकल्याच्या तक्रारी. शेवटी डिसेंबर 2024 मध्ये सरकारने निर्णय फिरवला आणि 2025-26पासून काम पुन्हा शाळा व्यवस्थापन समितीकडे दिलं. गावातला शिंपी पोराच्या अंगाला टेप लावतो. मंत्रालयातून ते होत नाही.

तुमच्या प्रश्नातली दुकानदारी खाजगी शाळांची, आणि तिथे मी तुमच्या दुसऱ्या गटाच्या बाजूने आहे. माझी मुलगी पुण्यात एका खाजगी शाळेत आहे, नाव नको. तिला आठवड्याला तीन प्रकार लागतात: रोजचा, खेळाचा, आणि 'हाऊस'च्या रंगाचा टी-शर्ट. दोन प्रकारचे बूट. सगळं एका ठरलेल्या दुकानातून. पोरगी वर्षात एकदम उंच झाली म्हणून दिवाळीनंतर स्कर्ट पुन्हा घ्यावा लागला. आई सोलापूरहून आलेली असताना मी तो घेऊन घरी आले, तर तिने तो आधी उलटा केला. आत अर्धा इंचसुद्धा कापड सोडलेलं नाही. "हे उसवणार काय आणि वाढवणार काय?" म्हणाली. चाळीस वर्षं शिवणाऱ्या बाईला त्यात चोरी दिसली.

एक धंद्यातली गोष्ट सांगते, पालकसभेत उपयोगी पडेल. एकाच दुकानाची सक्ती करता येणार नाही असा शासन निर्णय महाराष्ट्रात 2004 पासून आहे. पण शाळेला सक्ती करावीच लागत नाही, कापडच तसं निवडतात. साधा गडद निळा कुठल्याही कापड दुकानात मीटरवर मिळतो. पण चौकडीत तीन रंगांचे धागे विशिष्ट अंतराने घातले की ते कापड मिलकडून ठरावीक मीटर ऑर्डर देऊनच विणून घ्यावं लागतं, आणि ती ऑर्डर एकच व्यापारी देतो. झालं. कागदावर तुम्ही कुठूनही घ्यायला मोकळे, बाजारात ते कापडच नाही. वर दर चार-पाच वर्षांनी चौकडी बदलली की मोठ्या बहिणीचा गणवेश धाकटीला चालत नाही. आरटीईतून, म्हणजे शिक्षण हक्क कायद्याने राखलेल्या 25 टक्के जागांवर आलेल्या पोरांच्या घरी हे जास्त टोचतं. मुलीच्या वर्गातल्या अशाच एका मुलाच्या आईने मला सांगितलं, "फी माफ आहे ताई, पण जून आला की मी मंगळसूत्राकडे बघते."

मुलींच्या बाबतीत आणखी एक, ज्याविषयी पालकसभेत कोणी बोलत नाही. पांढरी सलवार. आठवीपासून पांढरी सलवार आणि पांढरी ओढणी कोणी ठरवली देव जाणे, पण ती ठरवणाऱ्याला महिन्याचे ते चार दिवस कधी आले नसणार. आम्ही मैत्रिणी वर्गातून उठताना एकमेकींच्या मागे चालायचो. डाग पडला तर दप्तर मागे धरून घरी, आणि एकच जोड असेल तर दुसऱ्या दिवशी खाडा. गडद रंगाने हा प्रश्न जवळजवळ सुटतो, एक पैसा खर्च न होता. केरळात बालुश्शेरीच्या सरकारी शाळेने 2021 साली मुलींनाही पँट-शर्ट दिला तेव्हा केवढा वाद झाला. मुली मात्र बसमध्ये चढायला बरं पडतं म्हणत होत्या.

आणि हिजाबचा विषय निघेलच तुमच्या सभेत, म्हणून एवढंच. कर्नाटकातल्या वर्गातल्या हिजाबबंदीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयात 13 ऑक्टोबर 2022 रोजी दोन न्यायमूर्तींची दोन मतं पडली, त्यामुळे तिथेही शेवटचा शब्द झालेला नाही. मला त्यांतले एक, न्यायमूर्ती धुलिया यांनी विचारलेला प्रश्न कळतो: हिजाब घालते म्हणून मुलीला शिक्षण नाकारून आपण तिचं आयुष्य चांगलं करतोय का? आमच्या वर्गात चार-पाच जणी तीच पांढरी ओढणी डोक्यावरून घ्यायच्या. गणवेश मोडला असं कोणाच्या मनातही आलं नाही.

तर सभेत गणवेश हवा की नको यावर हात वर करायला लावले तर 'हवा' म्हणा, पण लगेच पुढचं मागा. साधं, एकरंगी, बाजारात मिळणारं कापड, मुलींसाठी खाली गडद. बोधचिन्ह शिवता येईल असं सुटं द्या, म्हणजे शर्ट कुठूनही घेता येईल. खेळासाठी वेगळे बूट नकोत, काळे चालतील. आणि जूनच्या पहिल्या आठवड्यात शाळेतच एक टेबल लावून लहान झालेले गणवेश ठेवायचे, ज्याला हवे त्याने न्यायचे. हे टेबल सगळ्यांसाठी खुलं असू द्या, 'गरजूंसाठी' अशी पाटी लावली की त्याच्याजवळ कोणी फिरकणार नाही. आमच्या सोसायटीत आम्ही हे दोन वर्षं करतोय. पहिल्या वर्षी मी स्वतःच सगळ्यांसमोर एक स्कर्ट उचलून घेतला, मग बाकीच्या आल्या. आईने तो उलटा करून पाहिला. जुना होता, आत दीड इंच होतं.