छिन्न, भिन्न आणि खिन्न

प्रश्न (सोलापूरच्या एका वाचकाकडून): स्किझोफ्रेनियाला मराठीत ‘दुभंगलेलं व्यक्तिमत्त्व’ म्हणावं की ‘छिन्नमनस्कता’? आणि ‘डिप्रेशन’, ‘मेनिया’ अशा ‘मूड डिसऑर्डर’साठी चांगले शब्द कोणते?

उत्तर: छिन्नमनस्कता. ‘दुभंगलेलं व्यक्तिमत्त्व’ या आजारासाठी वापरणं आता खरोखरच थांबवायला हवं. एका देहात आळीपाळीने दोन माणसं वावरतात, असं ज्यात दिसतं तो विकार निराळा. स्किझोफ्रेनियात माणूस एकच असतो. कोणी बोलत नसताना त्याला आवाज ऐकू येतात, आपल्यावर पाळत आहे अशी त्याची खात्री होते आणि ती कुठल्याही पुराव्याने हलत नाही, बोलण्यातला एक विचार पुढच्याला धरून राहत नाही, उमेद आटत जाते. यात ‘दोन’ कुठे आलं? तरी पुढाऱ्याने भूमिका बदलली की ते ‘स्किझोफ्रेनिक राजकारण’ होतं. जानेवारीतल्या गड्डा यात्रेच्या दिवसांत पहाटे हुडहुडी भरली आणि दुपारी ऊन चटकलं की ‘सोलापूरची हवा बायपोलर झालीये’ म्हणतात. दोन्ही चूक.

शब्द घडवला स्विस मनोविकारतज्ज्ञ ऑयगेन ब्लॉयलर यांनी, २४ एप्रिल १९०८ रोजी बर्लिनमधल्या व्याख्यानात. ग्रीक ‘स्खिझेइन’ म्हणजे चिरणं, तोडणं. ‘फ्रेन’ म्हणजे मन. पण त्याआधी छाती आणि पोट यांच्यामधला पडदा. त्या पडद्याच्या नसेला डॉक्टर आजही ‘फ्रेनिक’ म्हणतात. आपण माया काळजात ठेवतो, आणि काळीज मुळात ‘कालेय’ म्हणजे यकृत, तसंच हे.

आता खरी गंमत. ‘स्खिझेइन’ आणि संस्कृत ‘छिद्’ हे सख्खे धातू आहेत. लॅटिन ‘स्किन्देरे’ आणि जर्मन ‘शायडेन’ याच घरातले. छेद, विच्छेद, छिद्र आणि छिन्न ही सगळी छिद्‌ची लेकरं. म्हणजे ‘स्किझो’ला ‘छिन्न’ हा प्रतिशब्द देणाऱ्याने, जाणून असो वा नकळत, त्याच धातूचं आपल्याकडचं रूप पुढे ठेवलं. परिभाषेत इतका नेमका योग फार थोड्या वेळा जुळतो.

‘छिन्न काय नि भिन्न काय, अर्थ एकच, मग दुभंगही चालेल’ असं म्हणणारे व्याकरणाचे जाणकार भेटतात. त्यांचं म्हणणं मला अजिबात मान्य नाही. भिद् म्हणजे फोडणं: लाकूड, घडा, खडक. छिद् म्हणजे तोडणं: दोरी, फांदी, बंध. मुंडकोपनिषदातल्या एकाच ओळीत दोन्ही आहेत: ‘भिद्यते हृदयग्रन्थिश्छिद्यन्ते सर्वसंशयाः’. गाठ एक आहे, ती फुटते. संशय अनेक आहेत, ते तुटतात. क्रियापदाचं अनेकवचनसुद्धा छिद्‌च्या वाट्याला आलं आहे. दुभंगणं हे भिद्‌चं काम, आणि स्किझोफ्रेनिया हे छिद्‌चं. सोलापुरात तर हे समजावून सांगायलाच नको. मागावर ताण्याचे (उभ्या धाग्यांतले) चार तार तुटले आणि माग तसाच चालू राहिला, तर एका चादरीच्या दोन चादरी होत नाहीत. चादर एकच राहते, विणली जाते, पण त्या पट्ट्यात धरायला तार नसल्यामुळे नक्षी बिघडते. ब्लॉयलर यांना हेच म्हणायचं होतं: विचार, भावना आणि कृती यांना जोडणारे धागे सैल होतात, तुटतात.

जपानने २००२ मध्ये या आजाराचं नाव बदललं, म्हणून आपणही ‘छिन्न’ टाकावं, असं हल्ली सुचवलं जातं. जपानी जुन्या नावाचा शब्दशः अर्थ ‘मन फुटण्याचा रोग’ होता, त्यामुळे तिथे बदल योग्यच झाला. कोरियाने तर तंतुवाद्याची तार जुळवण्यावरून नवं नाव घेतलं, आणि ते फारच सुंदर आहे. आपल्या ‘छिन्न’मध्ये मात्र तो दोष नाही. दोष ‘दुभंग’मध्ये आहे, टाकायचं तर ते टाका.

जीवशास्त्रही छिन्नच्या बाजूने बोलतं. वयात येताना मेंदू पेशींमधल्या जोडांची छाटणी करतो. ती सर्वांमध्ये होते आणि व्हायलाच हवी. या आजारात ती गरजेपेक्षा जास्त होत असावी, असा अंदाज आहे. छाटायचे जोड खुणावून ठेवणाऱ्या ‘सी-४’ या प्रथिनाच्या जनुकाचे काही प्रकार धोका वाढवतात, हे २०१६ मध्ये दिसलं. आजार बहुधा विशीच्या आसपास का उघड होतो, तेही यातून थोडंफार कळतं. लोकसंख्येत धोका साधारण १ टक्का. एकसारख्या जुळ्यांपैकी एकाला आजार असेल तर दुसऱ्याला ४० ते ५० टक्के. जनुकं तंतोतंत सारखी असूनही आकडा १०० होत नाही, म्हणून ‘रक्तातच आहे’ असं म्हणून हात टेकू नयेत.

आवाज आणि संशय यांचा संबंध डोपामीन या मेंदूतल्या निरोप्या रसायनाशी. बहुतेक औषधं डोपामीनच्या ‘डी-२’ या ग्राहींवर (पेशींवरच्या, निरोप झेलणाऱ्या जागांवर) जाऊन बसतात. सुमारे ६५ टक्के ग्राही व्यापले की गुण येऊ लागतो; ८० टक्क्यांच्या वर हात थरथरतात, अंग ताठरतं. दोन्हींमधली पट्टी इतकी अरुंद असल्यामुळे गोळी मनाने वाढवणं वाईट, आणि बरं वाटतंय म्हणून सोडणं त्याहून वाईट.

मूडकडे वळतो. छिद्‌पासून छिन्न, भिद्‌पासून भिन्न, तसं खिद्‌पासून खिन्न. पाणिनीचं सूत्र आहे, ‘रदाभ्यां निष्ठातो नः पूर्वस्य च दः’: धातूच्या शेवटच्या द् ला भूतकाळवाचक ‘त’ प्रत्यय लागला की न्न. खिद्‌चा एक जुना अर्थ दाबणं. ‘डिप्रेशन’च्या मुळाशी असलेल्या लॅटिन शब्दाचा अर्थही खाली दाबणं. म्हणून ‘नैराश्य’पेक्षा मला ‘खिन्नता’ नेमका वाटतो. आशा संपणं हे या आजाराचं एक लक्षण आहे. दाबलं जाणं हा सगळा आजार आहे, कारण त्यात झोप, भूक, चाल आणि बोलणंही मंदावतं. याच सूत्रातून सद्‌पासून प्रसन्न आणि विषण्ण निघतात, एकाच धातूची दोन टोकं.

बायपोलर म्हणजे खिन्नता आणि उन्माद (मेनिया) यांचे झटके येणारा आजार. हवेला बायपोलर म्हणणाऱ्यांनी मुदत लक्षात घ्यावी. खिन्नतेचं निदान करायला लक्षणं किमान २ आठवडे, उन्मादाचं करायला किमान १ आठवडा टिकावी लागतात. वर्षात ४ झटके आले तर ते ‘वेगवान चक्र’ मानतात. सकाळ-दुपारचा फरक यात बसतच नाही.

बायपोलरमध्ये दिलं जाणारं लिथियम (ग्रीक ‘लिथोस’, दगड) हा क्षारच आहे, आणि मूत्रपिंड त्याला सोडियमसारखंच वागवतं. सोलापुरात मे महिन्यात पारा ४२ अंशांपलीकडे जातो. घाम गेला, पाणी कमी पडलं किंवा मीठ एकदम तोडलं, की मूत्रपिंड सोडियमबरोबर लिथियमही धरून ठेवतं. रक्तातली पातळी साधारण ०.६ ते १.० मिलिमोल प्रतिलिटर हवी, १.५ च्या वर विषबाधेचा धोका. तपासणीचं रक्त शेवटच्या गोळीनंतर १२ तासांनी द्यायचं, नाहीतर आकडा फसवा येतो. अंगदुखीवर आयबुप्रोफेन किंवा डायक्लोफेनॅक घेतलं तरी पातळी चढते. उलट्या-जुलाब, मोठी थरथर, तोल जाणं, जीभ जड होणं यांपैकी काही दिसलं तर पुढची गोळी घेण्याआधी डॉक्टरांना गाठायचं, त्याच दिवशी.

राहिला ‘उन्माद’. चरकाने पाच प्रकारचे उन्माद सांगितले, पण त्याचा उन्माद म्हणजे मन, बुद्धी, स्मृती, आचार या सगळ्यांचा विभ्रम, म्हणजे बिघाड. आजच्या ‘मेनिया’पेक्षा कितीतरी व्यापक. आपल्या पुस्तकांत तोच शब्द मेनियालाही लावतात आणि हिस्टेरियालाही, हा घोळ मिटवायला हवा. मेनियासाठी ‘उन्मत्तावस्था’ घ्यावा असं मी सुचवेन. उन्माद आणि उन्मत्त दोन्ही मद् या धातूपासूनच. मद् हाही द् ने संपणारा धातू, पण त्याचं ‘मन्न’ होत नाही, ‘मत्त’ होतं. पाणिनीने त्याला वेगळ्या सूत्राने या नियमातून मोकळं सोडलं आहे: ‘न ध्याख्यापॄमूर्च्छिमदाम्’.