एकाच बाटलीतून भावाचे केस आले, माझे का नाहीत?

प्रश्न : मी आणि धाकटा भाऊ सहा महिने एकाच बाटलीतलं मिनॉक्सिडिल लावतोय. त्याच्या टाळूवर लव दिसते, माझी टाळू कोरडी ठणठणीत. स्किनच्या डॉक्टरांनी ‘तुमच्यात एन्झाइम कमी असेल’ म्हणून विषय संपवला. ही काय भानगड आहे? – एक वाचक, गिरगाव

उत्तर : डॉक्टर बरोबरच बोलले असावेत, फक्त अर्ध्यावर थांबले. बाटलीतलं मिनॉक्सिडिल निजलेलं असतं. केसाच्या मुळाशी सल्फोट्रान्सफरेज नावाचं एन्झाइम त्याच्यावर सल्फो गट, म्हणजे एक गंधक आणि तीन ऑक्सिजन, चढवतं. मग जे मिनॉक्सिडिल सल्फेट तयार होतं, तेच काम करतं.

भाऊच्या धक्क्यावर पहाटे कधी गेलात तर बघा. भरलेली टोपली एकीच्या डोक्यावरून दुसरीच्या डोक्यावर जायला तिसरीचा हात लागतो. ती तिसरी म्हणजे आपलं एन्झाइम. टोपली सल्फो गटाची, आणि ती आधी वाहून आणणारा रेणू म्हणजे ‘पॅप्स’. पेशी एटीपी, म्हणजे आपलं इंधन, खर्चून तो भरून ठेवते. तिसरी बाई मोकळीच राहते, लगेच पुढच्या टोपलीला हात लावते.

परळला मी वर्षानुवर्षं मुलांना सांगत आलो की सल्फो गट म्हणजे शरीराबाहेर जायचा शिक्का. यकृतात तसंच चालतं : पॅरासिटामॉलच्या काही भागावर तो बसतो, रेणू पाण्यात जास्त विरघळतो, लघवीवाटे निघून जातो. तान्ह्या मुलांत तर हाच मोठा मार्ग, कारण दुसरा मोठा मार्ग, साखरेपासून बनलेला गट चढवण्याचा, अजून पुरता तयार झालेला नसतो. बाउमान या जर्मन रसायनज्ञाला 1876 साली असाच सल्फेट सापडला, फिनॉलचा, तोही रुग्णाच्या लघवीत! मिनॉक्सिडिलने मात्र माझं वाक्य खोटं पाडलं. इथे शिक्का बसला की औषध जागं होतं.

आता तुमचं. टाळूतल्या या एन्झाइमचा जोर माणसागणिक वेगळा असतो, सख्ख्या भावांतही. उपटलेल्या केसाच्या मुळांवरून तो मोजता येतो, पण आपल्या कोपऱ्यावरच्या लॅबमध्ये विचारू नका, तो मुलगा गोंधळेल. जास्त थेंब टाकून उपयोग नाही. टोपल्या वाढवल्या तरी हात तेवढेच. आणि त्याची गोळी मनाने सुरू करू नका. मिनॉक्सिडिल मुळात रक्तदाबाचं औषध आहे, केस हा त्याचा दुष्परिणाम. डॉक्टरांकडे परत जा, आणि या वेळी भावालाही सोबत न्या.